चार पटांवरचा देश

बुद्धिबळ हा मुळात दोघांचा खेळ असून पटाच्या दोन बाजूंना बसलेल्या त्या दोघांखेरीज तिसऱ्या कोणालाही चाल सुचवण्याचा किंवा सोंगटीला हात लावण्याचा अधिकार नसतो. तरीही गेली जवळजवळ शंभर वर्षे हा खेळ देशादेशांच्या संघांमध्ये खेळला जात आहे, आणि त्यातील यशापयश हे एकट्या खेळाडूचे न मानता त्या देशाच्या बुद्धिबळाचे मानले जाते. जागतिक बुद्धिबळ महासंघ, म्हणजे सर्वत्र ‘फिडे’ या संक्षिप्त नावाने ओळखली जाणारी संस्था, १९२४ साली पॅरिसमध्ये स्थापन झाली आणि तिच्या विद्यमाने पहिले अधिकृत ऑलिंपियाड १९२७ साली लंडनमध्ये भरले. नाव ऑलिंपिकशी जुळणारे असले तरी ही स्पर्धा ऑलिंपिकचा भाग नाही; ती स्वतंत्रपणे, साधारणतः दर दोन वर्षांनी भरते आणि तीत आता दीडशेहून अधिक देशांचे संघ उतरतात. महिलांसाठी वेगळे ऑलिंपियाड मात्र १९५७ पर्यंत नव्हते; त्या वर्षी ते नेदरलँड्समधील एमेन येथे प्रथम भरले. या तीस वर्षांच्या अंतराचा महाराष्ट्राच्या बुद्धिबळाशी निकटचा संबंध आहे, कारण भारताच्या राष्ट्रीय संघाला महाराष्ट्राने जे दिले त्यातील फार मोठा वाटा महिलांच्या पटांवरचा आहे, आणि त्या वाट्याची पाळेमुळे मुंबई-पुण्याइतकीच सांगलीसारख्या संस्थानी गावात रुजलेली आहेत.

संघ म्हणून बुद्धिबळ कसे खेळले जाते हे समजल्याशिवाय या योगदानाचे मोल कळणार नाही. प्रत्येक देश पाच खेळाडूंचा संघ पाठवतो आणि प्रत्येक फेरीत त्यांपैकी चार जण प्रतिस्पर्धी देशाच्या चौघांशी एकाच वेळी, वेगवेगळ्या पटांवर खेळतात. पाच जणांचा क्रम स्पर्धेपूर्वीच कळवावा लागतो आणि तो मध्ये बदलता येत नाही. एखाद्याला विश्रांती दिली तर त्याच्या खालचे खेळाडू एकेक पट वर सरकतात. कोणाला बसवायचे आणि कोणाला खेळवायचे हे ठरवणारा कर्णधार बहुधा स्वतः खेळत नाही. फेरी सुरू झाल्यावर त्याला डावातील स्थितीविषयी खेळाडूशी अवाक्षरही बोलता येत नाही. बरोबरीचा प्रस्ताव द्यावा, तो स्वीकारावा किंवा डाव सोडून द्यावा एवढेच तो सुचवू शकतो, आणि तेसुद्धा स्थितीवर भाष्य न करता. त्यामुळे त्याचे खरे काम फेरीच्या आदल्या रात्री होते. समोरचा संघ कोणता क्रम लावील, आपल्यापैकी कोणाचे आरंभीचे डावपेच कोणाविरुद्ध चालतील, सलग सात दिवस खेळलेल्या खेळाडूला अजून एक कठीण डाव सोसेल की नाही, याचा अंदाज त्याला आधीच बांधावा लागतो.

गुण मोजण्याची पद्धतही येथे महत्त्वाची आहे. एका डावातील विजयाला एक आणि बरोबरीला अर्धा गुण मिळतो. चार पटांवरील गुणांची बेरीज करून जो संघ पुढे असेल त्याला त्या फेरीचे दोन संघगुण मिळतात आणि बेरीज सारखी झाल्यास दोन्ही संघांना एकेक. २००८ साली ड्रेस्डेनच्या ऑलिंपियाडपासून या संघगुणांना प्रथम महत्त्व देण्यात आले. त्यापूर्वी सर्व पटांवरील वैयक्तिक गुणांची एकत्र बेरीजच निर्णायक ठरत असे. जुन्या पद्धतीत दुबळ्या संघाला ४–० ने हरवणाऱ्याचा फार लाभ होई. नव्या पद्धतीत बलाढ्य संघाविरुद्ध २.५–१.५ असा निसटता विजयसुद्धा तितकाच मोलाचा ठरतो. स्पर्धा अकरा फेऱ्यांची असते आणि ती स्विस पद्धतीने खेळवली जाते, म्हणजे प्रत्येक फेरीत जवळपास सारखे गुण असलेल्या संघांची गाठ घातली जाते. परिणामी जिंकत जाणाऱ्या संघाला दर दिवशी अधिक कठीण प्रतिस्पर्धी मिळतो. अशा रचनेत एकटा असामान्य खेळाडू देशाला फार वर नेऊ शकत नाही. पहिल्या पटावरचा जगज्जेतासुद्धा चारपैकी एकच गुण मिळवू शकतो, आणि चौथ्या पटावरील कमी प्रसिद्ध खेळाडूचा अर्धा गुण त्याच्या एका गुणाइतकाच निर्णायक ठरू शकतो.

भारतात हा खेळ प्राचीन असला तरी आंतरराष्ट्रीय संघस्पर्धेत देश उशिराने उतरला, आणि त्याला केवळ पारतंत्र्य कारण नव्हते. आपल्याकडे पिढ्यान्‌पिढ्या जे बुद्धिबळ खेळले जात असे त्याचे नियम युरोपातील नियमांहून निराळे होते: प्यादे पहिल्या चालीतही एकच घर पुढे जाई, राजा आणि हत्ती यांची एकत्र चाल करून राजाला कोपऱ्यात सुरक्षित नेण्याची सोय नसे, त्याऐवजी राजाला डावात एकदा घोड्याप्रमाणे उडी मारता येई, आणि पलीकडच्या टोकाला पोचलेले प्यादे ज्या घरात पोचे त्या घराच्या मूळ मोहऱ्याचे रूप घेई. या नियमांवर वाढलेल्या खेळाडूला आंतरराष्ट्रीय पद्धतीतील आरंभीच्या चाली नव्याने शिकाव्या लागत. पंजाबातील मीर सुलतान खान यांचे उदाहरण या बाबतीत डोळे उघडणारे आहे. १९२८ साली अखिल भारतीय स्पर्धा जिंकून ते आपल्या आश्रयदात्याबरोबर इंग्लंडला गेले, तेथील राष्ट्रीय अजिंक्यपद त्यांनी तीनदा मिळवले आणि १९३० चे हॅम्बुर्ग, १९३१ चे प्राग व १९३३ चे फोकस्टन या तीन ऑलिंपियाडांत ते पहिल्या पटावर खेळले. परंतु ते खेळले ब्रिटनच्या संघाकडून, कारण भारताचा संघच अस्तित्वात नव्हता.

अखिल भारतीय बुद्धिबळ महासंघ १९५१ साली स्थापन झाला आणि त्याच्या आश्रयाखाली पहिली राष्ट्रीय स्पर्धा १९५५ साली आंध्रातील एलुरू येथे झाली. तीत डी. वेंकय्या यांच्याबरोबर संयुक्त विजेते ठरलेले रामचंद्र सप्रे पुढच्याच वर्षी मॉस्को येथे ऑलिंपियाडमध्ये प्रथमच उतरलेल्या भारतीय संघातही होते. म्हणजे राष्ट्रीय संघाच्या पहिल्याच पानावर एक मराठी नाव आहे. त्यानंतरची दोन दशके मात्र खडतर होती. मॅन्युएल एरन यांनी १९६० साली लाइपझिगच्या ऑलिंपियाडमध्ये माजी जगज्जेते माक्स यूवे यांना हरवले आणि १९६१ साली ते भारताचे पहिले इंटरनॅशनल मास्टर झाले, तरी संघ म्हणून भारत खालच्या गटातच राहिला आणि काही ऑलिंपियाडांना तर संघच गेला नाही. भारताला पहिले वैयक्तिक पदक मिळाले ते १९८० साली माल्टामध्ये, तिसऱ्या पटावर खेळणाऱ्या भोपाळच्या मोहम्मद रफीक खान यांच्या रौप्यपदकाच्या रूपाने. प्रवीण ठिपसे हे मुंबईचे खेळाडू याच सुमारास संघात आले. सात वेळा राष्ट्रीय विजेते ठरलेले आणि १९९७ साली विश्वनाथन आनंद व दिव्येंदू बरुआ यांच्यानंतर भारताचे तिसरे ग्रँडमास्टर झालेले ठिपसे यांनी ज्या काळात संघाला आधार दिला, तो काळ परदेशी पुस्तके व नियतकालिके मिळवणे हेच मोठे काम असण्याचा होता.

महिलांच्या बाबतीत इतिहास याहून वेगळा आणि महाराष्ट्राच्या दृष्टीने कितीतरी समृद्ध आहे. महिलांची पहिली राष्ट्रीय स्पर्धा १९७४ साली बंगळूर येथे झाली आणि ती मुंबईच्या वासंती खाडिलकर यांनी जिंकली. त्यांच्या भगिनी जयश्री आणि रोहिणी यांनी पुढची विजेतेपदे मिळवली, आणि पहिली सुमारे दहा वर्षे हा किताब या तीन बहिणींच्या घराबाहेर गेला नाही. त्यांचे वडील नीलकंठ खाडिलकर हे ‘नवाकाळ’ दैनिकाचे संपादक होते, आणि ‘नवाकाळ’चे संस्थापक, नाटककार कृष्णाजी प्रभाकर खाडिलकर यांचा जन्म १८७२ साली सांगलीत झाला होता, त्यामुळे या घराण्याचे मूळ कृष्णाकाठचेच आहे. जयश्री १९७९ साली वुमन इंटरनॅशनल मास्टर हा किताब मिळवणाऱ्या पहिल्या भारतीय महिला ठरल्या. हा किताब फिडेकडून दिला जातो आणि त्यासाठी ठरावीक मानांकनाबरोबरच, आंतरराष्ट्रीय दर्जाच्या स्पर्धांत ठरावीक कामगिरी, म्हणजे ‘नॉर्म’, अनेक वेळा करून दाखवावी लागते.

रोहिणी खाडिलकर यांचे कार्य तर विजेतेपदांच्या पलीकडे जाणारे आहे. १९७६ साली, तेरा वर्षांच्या असताना, त्यांनी पुरुषांच्या राष्ट्रीय स्पर्धेत भाग घेतला. त्यावर मोठा वाद झाला, प्रकरण उच्च न्यायालयापर्यंत गेले आणि तेव्हाचे फिडेचे अध्यक्ष यूवे यांनी महिलांना राष्ट्रीय वा आंतरराष्ट्रीय स्पर्धांतून वगळता येणार नाही असा निर्णय दिला. ज्या स्पर्धेला आज ‘खुला गट’ म्हणतात, पुरुष गट म्हणत नाहीत, तिच्या नावामागचे तत्त्व तेरा वर्षांच्या एका मराठी मुलीच्या खेळण्याच्या हट्टातून जगापुढे ठळकपणे आले, ही गोष्ट शालेय पुस्तकात जाण्याच्या योग्यतेची आहे. रोहिणी यांनी १९८१ व १९८३ साली आशियाई अजिंक्यपद मिळवले आणि १९७८ च्या ब्युनोस आयर्सपासून १९८६ च्या दुबईपर्यंतच्या ऑलिंपियाडांत देशाचे प्रतिनिधित्व केले. त्या काळी महिला संघाचे सामने तीनच पटांवर होत असत. चार पटांची पद्धत २००८ पासून आली. तीन पटांच्या स्पर्धेच्या त्या युगात एकाच घरात राष्ट्रीय विजेतेपद मिळवलेल्या तीन बहिणी असाव्यात, हा योग जगातही दुर्मिळ म्हटला पाहिजे.

खाडिलकर भगिनींनंतर ही परंपरा खंडित झाली नाही, कारण तोवर सांगलीने आपले काम केले होते. पटवर्धनांच्या संस्थानाची राजधानी असलेल्या या गावात बुद्धिबळाची आवड जुनी होती. परंतु आवड आणि संस्था यांत फरक असतो, आणि तो फरक भाऊसाहेब पडसलगीकर यांनी भरून काढला. त्यांच्या पुढाकाराने १९४१ साली सुरू झालेले नूतन बुद्धिबळ मंडळ हे देशातील दीर्घायुषी बुद्धिबळ संस्थांपैकी एक असून, सांगलीला ‘बुद्धिबळाची पंढरी’ म्हणण्याची जी रीत महाराष्ट्रात रूढ झाली ती या मंडळामुळे. पंढरी हे नाव येथे अगदी यथार्थ आहे. दर उन्हाळ्यात मंडळ लहान मुलांपासून प्रौढांपर्यंत वेगवेगळ्या गटांच्या स्पर्धा एकामागून एक भरवी आणि गावोगावचे खेळाडू वारीच्या नेमाने तेथे येत. राहण्याजेवणाची व्यवस्था साधी असे, पण खेळायला प्रतिस्पर्धी मात्र राज्यभरचे मिळत. पडसलगीकरांनी मुलींच्या व महिलांच्या स्पर्धांना या महोत्सवात जे स्थान दिले ते त्या काळच्या मानाने फार दूरदृष्टीचे होते. मुलींना संघात जागा मिळायची असेल तर त्यांना आधी वर्षानुवर्षे, आपल्या गावापासून फार लांब न जाता, चांगल्या प्रतिस्पर्ध्यांशी खेळायला मिळाले पाहिजे, हे सूत्र मोठमोठ्या महासंघांना कळण्यापूर्वी सांगलीत अमलात आले होते.

त्याचे फळ दोन पिढ्यांत दिसले. सांगलीच्या भाग्यश्री साठे, म्हणजे विवाहानंतरच्या भाग्यश्री ठिपसे, यांनी राष्ट्रीय महिला अजिंक्यपद पाच वेळा आणि १९९१ साली आशियाई अजिंक्यपद मिळवले. भारताच्या ऑलिंपियाड संघात त्या खेळल्या आणि १९८७ साली त्यांना पद्मश्री मिळाली. त्यांच्यानंतरच्या पिढीतील सांगलीच्याच स्वाती घाटे यांनी वुमन ग्रँडमास्टर हा महिलांसाठीचा सर्वोच्च किताब मिळवला, राष्ट्रीय अजिंक्यपद जिंकले आणि त्यासुद्धा भारतीय महिला संघातून ऑलिंपियाड खेळल्या. लाखो वस्तीच्या अनेक महानगरांना जे साधले नाही ते एका मध्यम आकाराच्या शहराने दोनदा साधले, यात योगायोगाचा भाग फार थोडा आहे. याच काळात मुंबईच्या अनुपमा अभ्यंकर, म्हणजे पुढच्या अनुपमा गोखले, यांनीही पाच वेळा राष्ट्रीय आणि दोनदा आशियाई अजिंक्यपद मिळवले. त्यांचे पती रघुनंदन गोखले हे द्रोणाचार्य पुरस्कार मिळवणारे देशातील पहिले बुद्धिबळ प्रशिक्षक. या सर्व नावांचा एकत्र विचार केला तर १९७४ पासून नव्वदच्या दशकाच्या उत्तरार्धापर्यंत भारतीय महिला बुद्धिबळाचा कणा महाराष्ट्राने पुरवला असे म्हणण्यास प्रत्यवाय नाही. शिकलेल्या मध्यमवर्गीय घरांनी मुलींच्या खेळावर खर्च करण्याची आणि त्यांच्याबरोबर गावोगाव प्रवास करण्याची जी तयारी दाखवली, ती या यशामागची खरी सामाजिक शक्ती होय.

त्यानंतर नेतृत्व दक्षिणेकडे गेले. आनंद यांच्या यशाने चेन्नईत प्रशिक्षणाचे दाट जाळे उभे राहिले, तेथीलच महिला खेळाडू एस. विजयालक्ष्मी यांच्यानंतर आंध्र प्रदेशातून कोनेरू हंपी आणि द्रोणवल्ली हरिका यांसारख्या जागतिक दर्जाच्या खेळाडू पुढे आल्या, आणि महाराष्ट्राचे स्थान मुख्य आधारावरून साहाय्यक आधारावर आले. तरी ते स्थान रिकामे राहिले नाही. २०१२ साली इस्तंबूलच्या ऑलिंपियाडमध्ये भारतीय महिला संघ चौथा आला तेव्हा हरिका, तानिया सचदेव आणि मेरी ॲन गोम्स यांच्याबरोबर पुण्याच्या ईशा करवडे आणि सौम्या स्वामीनाथन या दोघी होत्या. सौम्या २००९ सालच्या कनिष्ठ मुलींच्या विश्वविजेत्या. गोव्याच्या भक्ती कुलकर्णी २०२१ साली जागतिक सांघिक स्पर्धेत रौप्यपदक मिळवणाऱ्या महिला संघात आणि २०२२ साली चेन्नईजवळच्या मामल्लपुरम येथे ऑलिंपियाडचे कांस्यपदक मिळवणाऱ्या संघात होत्या. महिला संघाचे ते ऑलिंपियाडमधील पहिले पदक होते, आणि त्या संघाचे कर्णधारपद पुण्याचे ग्रँडमास्टर अभिजित कुंटे यांच्याकडे होते. स्वतः दोनदा राष्ट्रीय विजेते ठरलेल्या कुंटे यांनी आपली उत्तरार्धातील शक्ती महिला संघाच्या बांधणीला दिली, हे त्यांच्या स्वतःच्या खेळाहून मोठे योगदान ठरले.

सप्टेंबर २०२४ मध्ये बुडापेस्ट येथे भारताने खुल्या आणि महिला अशा दोन्ही गटांत सुवर्णपदक मिळवले. या दोन्ही गटांतील ऑलिंपियाडचे हे देशाचे पहिले सुवर्ण. खुल्या गटात डी. गुकेश, आर. प्रज्ञानंद, अर्जुन एरिगैसी, विदित गुजराथी आणि पी. हरिकृष्ण यांच्या संघाने अकरापैकी दहा फेऱ्या जिंकल्या, उझबेकिस्तानशी एकच बरोबरी केली आणि २२ पैकी २१ संघगुण मिळवले. नाशिकचा विदित या संघात चौथ्या पटावर होता आणि तेथे तो एकही डाव हरला नाही. जगातील आघाडीच्या खेळाडूंत गणना होणाऱ्या ग्रँडमास्टरला चौथ्या पटावर बसवता येणे ही त्या संघाची श्रीमंती होती. पण चौथ्या पटावर न हरणे हे दिसते तितके सोपे नसते, कारण तेथे प्रतिस्पर्धी तुलनेने दुबळा असल्याने विजयाची अपेक्षा असते, आणि विजयाच्या मागे धावताना हरण्याचा धोका सर्वाधिक असतो. वरच्या पटांवर गुकेश आणि अर्जुन निर्धास्तपणे जोखीम पत्करू शकले त्याचे एक कारण खालचा पट सुरक्षित असल्याची त्यांना असलेली खात्री हे होते. पदकांच्या यादीत ही खात्री कोठे नोंदली जात नाही, म्हणून ती येथे मुद्दाम सांगितली पाहिजे.

महिला संघाची वाट अधिक बिकट होती. हरिका, आर. वैशाली, दिव्या देशमुख, वंतिका अग्रवाल आणि तानिया सचदेव यांच्या या संघाचे कर्णधार पुन्हा कुंटेच होते. पहिल्या सात फेऱ्या जिंकल्यावर हा संघ आठव्या फेरीत पोलंडकडून हरला आणि नवव्या फेरीत अमेरिकेशी त्याची बरोबरी झाली. सुवर्ण हातचे जाण्याची वेळ आली. दहाव्या फेरीत गाठ चीनशी पडली. चारपैकी तीन पटांवर बरोबरी झाली आणि तिसऱ्या पटावर नागपूरच्या दिव्याने नी शिचुन हिला हरवले, २.५–१.५ अशा त्या एका गुणाच्या फरकाने भारत पुन्हा शर्यतीत आला आणि अखेरच्या फेरीत अझरबैजानवर ३.५–०.५ असा विजय मिळवून १९ संघगुणांसह पहिला ठरला. दिव्याने सर्वच्या सर्व अकरा डाव खेळून ९.५ गुण मिळवले आणि तिसऱ्या पटाचे वैयक्तिक सुवर्णही तिला मिळाले. विश्रांतीविना अकरा डाव म्हणजे काय याची कल्पना यावी म्हणून वेळेचे गणित सांगणे बरे: प्रत्येक खेळाडूला पहिल्या चाळीस चालींसाठी नव्वद मिनिटे, त्यानंतर आणखी तीस मिनिटे आणि प्रत्येक चालीगणिक तीस सेकंद मिळत असल्याने एकेक डाव सहज चार-पाच तास चालतो. खुल्या आणि महिला गटांतील एकत्रित कामगिरीसाठी थोर जॉर्जियन खेळाडू नोना गाप्रिंदाश्विली यांच्या नावाने जो करंडक दिला जातो तोही त्या वर्षी भारताला मिळाला. त्यात महिलांच्या गुणांचे वजन पुरुषांच्या गुणांइतकेच असते. पुढच्याच वर्षी, २८ जुलै २०२५ रोजी, बातुमी येथे हंपी यांना हरवून दिव्याने महिलांचा विश्वचषक जिंकला आणि त्या विजयाबरोबरच ती भारताची ८८ वी ग्रँडमास्टर झाली.

राष्ट्रीय संघ निवडताना महासंघ प्रामुख्याने मानांकन पाहतो. हे मानांकन म्हणजे खेळाडूच्या बळाचा आकड्यातील अंदाज. अर्पाद एलो या हंगेरीत जन्मलेल्या अमेरिकी प्राध्यापकाने त्याची गणिती पद्धत बसवली आणि फिडेने ती १९७० साली स्वीकारली. आपल्याहून बलवान खेळाडूला हरवले तर आकडा अधिक वाढतो, दुबळ्याकडून हरले तर अधिक घसरतो, आणि बरोबरीच्या ताकदीच्या लोकांशी खेळत राहिले तर तो हळूहळू खऱ्या बळापाशी स्थिरावतो. पद्धत न्याय्य आहे, परंतु तिच्या पोटात एक गृहीतक दडलेले आहे: मानांकनासाठी नोंदणीकृत स्पर्धा खेळाव्या लागतात आणि अशा स्पर्धा जेथे भरतात तेथे पोचण्याचा, चार-पाच दिवस राहण्याचा आणि प्रवेशशुल्काचा खर्च खेळाडूच्या घरालाच करावा लागतो. लहान वयात ही सोय न झालेला मुलगा वा मुलगी किती बुद्धिमान होती हे मानांकनाच्या यादीवरून कधीच कळत नाही.

सातारा जिल्ह्यातील कोरेगाव हे या दृष्टीने विचारात घेण्यासारखे ठिकाण आहे. हे तालुक्याचे गाव पुणे–मिरज लोहमार्गावर आहे. येथून दक्षिणेला निघालेली गाडी रहिमतपूर, मसूर, कऱ्हाड ओलांडून थेट सांगलीला पोचते आणि उत्तरेला निघालेली पुण्याला. एका टोकाला पडसलगीकरांची सांगली आणि दुसऱ्या टोकाला कुंटे, ईशा आणि सौम्या यांचे पुणे, अशा दोन बुद्धिबळ केंद्रांच्या अधेमध्ये हे गाव वसले आहे. जिल्ह्याच्या निवड स्पर्धेतून राज्य स्पर्धेत, राज्यातून राष्ट्रीय वयोगट स्पर्धेत आणि तेथून देशाच्या कनिष्ठ संघाकडे जाणारी वाट कोरेगावच्या मुलासाठीही तीच आहे जी नाशिकच्या विदितसाठी किंवा नागपूरच्या दिव्यासाठी होती. फरक पडतो तो पहिल्या पायरीवर. नाशिक आणि नागपूर या मोठ्या शहरांत शिकवणारे आणि खेळणारे भेटतात, तालुक्याच्या गावात शाळेतल्या एखाद्या हौशी शिक्षकावर सारे अवलंबून असते, आणि तो शिक्षक बदलून गेला की पट कपाटात जातो. संगणक आणि मोबाइल यांनी या अडचणीतला मोठा भाग दूर केला आहे हे खरे. आज कोरेगावातील मुलगी घरबसल्या जगातील कोणाशीही खेळू शकते. परंतु समोर माणूस बसलेला असताना, घड्याळ चालू असताना, हात लावलेली सोंगटी हलवलीच पाहिजे या नियमाच्या दडपणाखाली चार तास बसण्याची सवय पडद्यावर लागत नाही, आणि संघाच्या सामन्यात नेमकी तीच सवय कसाला लागते.

सांगलीच्या उदाहरणावरून असे दिसते की ही उणीव भरून काढायला फार मोठा निधी लागत नाही. लागते ती एक कायमची जागा, काही पट आणि घड्याळे, नियम जाणणारा एक पंच, आणि दरवर्षी ठरल्या वेळी स्पर्धा भरेलच अशी गावाला वाटणारी खात्री. १९४१ साली सांगलीत यांहून अधिक काही नव्हते. तालुक्याची वाचनालये, शाळांच्या शिक्षणसंस्था, साखर कारखाने आणि गणेशोत्सव मंडळे यांच्यापैकी कोणा एकानेही हे काम हाती घेतले आणि निदान दहा वर्षे न सोडता चालवले, तर त्याचा लाभ केवळ गावापुरता राहणार नाही. मात्र त्या स्पर्धेत मुलींचा गट पहिल्या वर्षापासून असावा, त्याची बक्षिसे मुलांच्या बक्षिसांइतकीच असावीत आणि बाहेरगावच्या मुलींबरोबर येणाऱ्या आईवडिलांच्या मुक्कामाची सोय आयोजकांनी करावी. कोरेगावच्या, आणि कोरेगावसारख्या प्रत्येक तालुक्याच्या, जाणत्या मंडळींना एवढीच विनंती आहे.